नवव्या कलमाची कोरी जागा

दीपालीचा तिसरा अर्जही फेटाळला जाणार, हे सभा सुरू व्हायच्या आधीच तिच्या ध्यानात आलं, कारण विश्रामतात्यांनी आज नवा चष्मा लावला होता. नव्या चष्म्यानं माणूस जास्त बारीक वाचतो, आणि तात्या जितकं बारीक वाचत तितकं तिचं काम बिघडत जायचं. गेल्या दोन महिन्यांचा अनुभव होता तो.

"बसून घे, दीपाली," तात्या नोंदवही उघडत म्हणाले. "तुझा विषय सहावा आहे."

"सहावा? तात्या, आईला अकराला डायलिसिसला लावायचंय. आत्ता नऊ वाजलेत."

"विषयपत्रिका लागलेली आहे. क्रम बदलायचा तर तो स्वतंत्र विषय होईल. तो सातवा येईल."

आता यावर माणसानं हसावं की कातळावर डोकं आपटावं, तुम्हीच सांगा. दीपाली गुमान खाली बसली. तिची आई, तानुबाई, वीस पावलांवर घराच्या पडवीत बाजेवर पडून होती, आणि तिथून तिचा धापा टाकण्याचा आवाज सभेत ऐकू येत होता. तात्यांनाही येत असणार. पण श्वास काही विषयपत्रिकेवर नव्हता.

हे कुठलं गाव आणि ही कसली सभा, ते आधी सांगायला हवं. करंजवाडी म्हणजे मुळशी धरणाच्या मागं, ताम्हिणीच्या अंगाला डोंगरात बसलेली तेवीस उंबऱ्यांची वाडी. बाहेरच्याला विचारा, तो सांगेल की इथली माणसं नाचणी लावतात, हिरडा गोळा करतात, मजुरीला जातात. ते खरंच आहे. पण ही माणसं वाटकरी आहेत, हे बाहेरच्याला माहीत नसतं. वाटकऱ्यांच्या वाटा डोंगराच्या आतून जातात. करंजवाडीच्या वाटेत पाय घातला की शंभर पावलांत माणूस थेट हिंजवडीजवळच्या नेऱ्याच्या शिवारात, शिवेवरच्या जुन्या शीवधोंड्यापाशी बाहेर पडतो. तेच अंतर गाडीनं जायला दोन तास लागतात, आणि रविवारी पावसाळी सहलीला निघालेली अर्धी पुणे-मुंबई घाटात चढली, तर किती लागतील ते देवालाही सांगता यायचं नाही.

वाटकऱ्यांचा कायदा म्हणजे मूळपत्रा. हातभर लांबीचा तांब्याचा पत्रा, वाटेच्या तोंडाशी, सभा बसते तिथल्याच कातळात ठोकलेला, त्यावर कोरलेली अकरा कलमं. सात घरांनी मिळून तो ठोकला म्हणतात. केव्हा, ते कुणालाच माहीत नाही. ज्याला ज्या कलमाचा आधार घ्यायचा असेल त्यानं त्या कलमावर उजवा अंगठा दाबायचा. कलम लागू होत असलं की तांबं तापतं आणि वाट ऐकते. वकील नाही, तारीख नाही. निदान पूर्वी तरी नव्हती.

घोळ सुरू झाला जूनमध्ये. लवळ्याच्या कॉलेजातला निषाद नावाचा कुणी विद्यार्थी डोंगरावर व्हिडिओ काढत फिरत होता, तो चुकून लवळ्याच्या वाटेत शिरला आणि ताम्हिणीत बाहेर पडला. भांबावला, घाबरला, आणि मग आजकालची पोरं जे करतात तेच त्यानं केलं. त्याचा व्हिडिओ चार लाख लोकांनी बघितला. निम्म्यांनी खाली लिहिलं की हे खोटं आहे, म्हणून वाटकरी वाचले. पण चौथं कलम स्पष्ट होतं. वाटेत परक्याचा पाय पडला तर सगळ्या वाटा बंद, आणि सातही घरांचे कर्ते अंगानं हजर राहून एकमत होईपर्यंत बंद. सातातला एक कर्ता, अमोल, कॅनडात. त्याला व्हिडिओ कॉलवर घ्यायचं का, यावर एक अख्खी सभा गेली. तात्यांनी 'अंगानं' या शब्दावर बोट ठेवलं आणि विषय संपला.

दीपालीच्या आईच्या दोन्ही किडन्या गेलेल्या. आठवड्यातून तीनदा मशीनला लावावं लागतं, आणि मशीन हिंजवडीच्या बाजूला. वाटा चालू होत्या तोवर तानुबाई सकाळी शंभर पावलं चालून नेऱ्यात उतरायची, जावई सुधीर गाडी घेऊन उभा असायचा, आणि दुपारी ती परत आपल्या पडवीत. वाटा बंद झाल्यापासून तेच काम आठ-नऊ तासांचं झालं. परवा शुक्रवारी तर रस्त्यावर झाड पडलं आणि पाळीच चुकली. हातापाया पडल्यावर हॉस्पिटलवाल्यांनी रविवारी अकराची वेळ दिली.

मग आईला हिंजवडीजवळ जांब्याला आपल्या खोलीवर का नेत नाही, असं दीपालीला तिच्या कंपनीतल्या बायका विचारायच्या. काय सांगणार त्यांना? तानुबाई करंजवाडीच्या वाटेची राखणदार होती. राखणदारानं एक रात्र जरी डोंगराबाहेर काढली, तर ती वाट कायमची मरते. बंद होत नाही, मरते. तानुबाईनं बत्तीस वर्षांत एक रात्र काढलेली नव्हती. लेकीच्या लग्नातसुद्धा अक्षता पडल्या, जेवली, आणि संध्याकाळी घरी.

"मेले तर हितंच मरंन," ती म्हणायची. "पर वाट माझ्या हातनं मारायची न्हाई."

तिच्याशी वाद घालणं म्हणजे कातळाशी वाद घालणं. दीपाली रडून झाली, रागावून झाली, अबोला धरून झाली. शेवटी तिनं कायद्याचा रस्ता धरला. नववं कलम.

नववं कलम लहान पोरालाही पाठ होतं. आजारी माणूस, अडलेली बाई आणि जखमी, यांना कुठलीही वाट कुणीही कधीही बंद करू नये. यात न कळण्यासारखं काय आहे? काहीच नाही. अडचण एकच होती, की ते पत्र्यावर नव्हतं. आठव्या आणि दहाव्या कलमाच्या मध्ये एक गुळगुळीत खळगा होता. पिढ्यान्पिढ्या माणसं आजारी पडली होती, बाया अडल्या होत्या, आणि दर वेळी कुणीतरी तिथं अंगठा घासला होता. अक्षरं झिजून गेली. नक्कल असती तर प्रश्न मिटला असता, पण दहावं कलम म्हणतं की मूळपत्र्याची नक्कल करू नये, आणि ते दहावं कलम काल कोरल्यासारखं ठसठशीत.

पहिला अर्ज तात्यांनी 'मजकूर आढळत नाही' म्हणून परत केला. दुसऱ्या वेळी दीपालीनं सभेतच पुढं होऊन खळग्यावर अंगठा दाबला. तांबं थंडगार. पाच मिनिटं दाबून धरला, नख पांढरं पडलं, तरी थंडगारच. तात्यांनी चष्मा पुसला आणि म्हणाले, "बघितलंस? मी म्हणतो म्हणून नाही." त्या रात्री ती जांब्याच्या खोलीत उशीत तोंड खुपसून इतकी रडली की सुधीरनं घाबरून शेजारणीला हाक मारली.

आज तिसरा अर्ज. दुसरा विषय चालू असताना सुधीरचा फोन आला. ती उठून बाजूला गेली.

"पिरंगुटला आहे," सुधीर म्हणाला. "पाऊण तास झाला, एक इंच हललो नाही. पुढं सगळे टपावर बसून नाचतायत. मी वर पोचेपर्यंत दोन वाजतील."

"मग तू माघारी फिर. नेऱ्याला शीवधोंड्यापाशी जाऊन थांब. आज मी वाट उघडून घेतेच."

"मागच्या वेळीही हेच म्हणाली होतीस. मी दोन तास तिथं उभा. एजंट येऊन मला गुंठ्याचा भाव सांगून गेला."

"सुधीर, फिर म्हणते ना!"

"फिरतो बाई, फिरतो. मामी कशा आहेत?"

तिनं पडवीकडे बघितलं. शेजारची गंगूबाई आईच्या पाठीवरून हात फिरवत होती. "बरी नाही," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

पाचवा विषय होता पत्र्यावरच्या काचेच्या पेटीचं कुलूप बदलण्याचा. ही पेटी तात्यांनीच बसवलेली. सरकारी कचेरीत चौतीस वर्षं कारकुनी करून ते गावी परतले आणि मूळपत्र्याचे वाचक झाले. पहिलं काम काय केलं, तर पत्र्यावर काच बसवली, म्हणजे तो आणखी झिजू नये. आता पेटी फक्त सभेच्या दिवशी उघडायची. माणूस वाईट नव्हता. वाईट असता तर दीपालीला सोपं गेलं असतं, चार शिव्या घालून मोकळी झाली असती. पण शुक्रवारी पाळी चुकली तेव्हा हेच तात्या भर पावसात अर्धा तास चालत येऊन तानुबाईची चौकशी करून गेले होते. आणि जाताना म्हणाले होते, अर्ज मात्र दोन प्रतींत दे.

"विषय सहा," तात्या म्हणाले. "अर्जदार दीपाली सुधीर. कलम नऊ अन्वये वाट उघडून मिळणेबाबत." त्यांनी पेटी उघडली, विजेरी लावली, भिंग धरलं, आणि वाकून त्या खळग्यावर नाक टेकेपर्यंत चेहरा नेला. "नवा चष्मा आहे, म्हणून परत एकदा खात्री करतो. कलम नऊ. जागा कोरी आहे."

"कोरी न्हाई तात्या, झिजलीय!"

"झिजली असेल. झिजण्याआधी काय होतं, ते पत्रा सांगत नाही."

"तुम्हाला म्हाईत न्हाई? खरं सांगा. तुमची आई अडली होती तवा तुमच्या बाबांनी तिला ह्याच वाटंनं न्हेलं. तुमचा जन्म वाटंत झाला, अख्ख्या वाडीला म्हाईत हाय. तवा कुठं अंगठा दिला त्यांनी? शेळ्यांच्या दंडाच्या कलमावर?"

कुणीतरी खुसकन हसलं. तात्यांचे कान लाल झाले.

"मला व्यक्तिशः माहीत आहे," ते म्हणाले. "पण मी इथं व्यक्तिशः बसलेलो नाही. आज तुझ्यासाठी मी न दिसणारं कलम वाचलं, तर उद्या दुसरा वाचक त्याच्या सोयीचं न दिसणारं कलम वाचेल. नेऱ्यातली जमीन विकायला मोकळीक देणारं वाचेल. मग काय करशील?"

आणि हेच तर चिडवणारं होतं, की त्यांचं म्हणणं सगळंच खोटं नव्हतं.

"अगं, आम्ही काय तुझ्या वाईटावर आहोत का?" नलिनीकाकू म्हणाल्या. सात घरांतलं एक घर त्यांचं. नेऱ्याची जमीन विकून त्या तिथंच फ्लॅटमध्ये राहायच्या आणि सभेला गाडीनं यायच्या. या खेपेला मात्र गर्दी टाळायला कालच येऊन राहिल्या होत्या. "पण पद्धत म्हणून काही असतं की नाही?"

"मग मला परत अंगठा देऊ द्या. दर पाच मिनिटांनी देते. कधीतरी तापंल."

"अंगठा देण्याआधी कलम वाचून दाखवावं लागतं," तात्या म्हणाले. "मागच्या वेळी तू घाईनं दिलास, तो नियमाला धरून नव्हता. जे वाचता येत नाही त्यावर अंगठा घेता येत नाही."

"हे कुठल्या कलमात लिहिलंय?"

तात्यांनी भिंग खाली ठेवलं. "कलमात नाही. कामकाजाची पद्धत आहे. मी घातलेली."

दीपालीचा तोल गेला. दोन महिने दाबून ठेवलेलं सगळं भसकन बाहेर आलं. "म्हणजे लोकांनी वापरलेलं कलम दिसत न्हाई म्हणून न्हाई, आन् तुमची पद्धत पत्र्यावर नसून बी हाय! सातवं वाचा ना, सातवं. वाटंवर शेळी न्हेली तर पाच पायली नाचणी दंड. काय सुंदर दिसतंय बघा, काना-मात्रा सगळं जागच्या जागी. कारण त्याला आजवर कुणी हात लावला न्हाई! कुणाला कधी लागलंच न्हाई ते. नववं रोज लागलं, म्हणून गेलं. आन् तुमी म्हणताय कोरी जागा!"

तात्यांनी नोंदवहीत मान घातली, पण लिहीत काहीच नव्हते.

तेवढ्यात पडवीतून गंगूबाई ओरडली, "दीपे! आगं तानूकडं बघ! लवकर ये!"

दीपाली धावली. तानुबाई बाजेवर उठून बसली होती, दोन्ही हात मांड्यांवर रोवून श्वास ओढत होती, आणि तो आत जातच नव्हता. ओठ काळेनिळे पडलेले. पावलं सुजून भोपळ्यासारखी. दीपालीनं रुग्णवाहिकेला फोन लावला. पलीकडची मुलगी बिचारी चांगली होती, पण ती म्हणाली, मॅडम, रस्ता पूर्ण जाम आहे, दीड-दोन तास धरून चला. दीड-दोन तास! आईजवळ अर्धा तास तरी होता की नाही कोण जाणे.

"पाठीवर घे तिला," कुणीतरी म्हणालं.

बघते तर सावळ्याआबा. पडवीच्या खांबाला टेकून उभे. ऐंशीच्या घरातला म्हातारा, वाडीत घरजावई म्हणून आलेला. घरजावयाला वाटकऱ्यांच्या सभेत तोंड नसतं, त्यामुळं साठ वर्षं ते सभेच्या बाहेर उभं राहून बिडी ओढत आले होते.

"काय म्हणालात आबा?"

"आईला पाठीवर घे आन् मग अंगठा दे म्हंतो. मागल्या खेपंला तू मोकळ्या पाठीनं दिलास. मोकळ्या पाठीनं कोन देतं व्हय नववं? पत्र्याला वझं लागतं. कोन आजारी हाय ते त्येला कळाया नको? माझी बायकू अडली तवा मी तिला पाठीवर घिऊनच पळालो व्हतो. थांबून वाचाया टाइम कुटं व्हता? पळता पळता अंगठा मारला आन् आत."

दोन महिने. तीन अर्ज, प्रत्येकी दोन प्रती. "आबा, हे आधी का न्हाई सांगितलं?"

"मला इचारलं कुनी?" आबा म्हणाले. त्यांच्या आवाजात राग नव्हता, हेच वाईट होतं. खरंच कुणी विचारलं नव्हतं. दीपालीनंसुद्धा नाही. तिनं सातही घरांचे उंबरे झिजवले आणि रोज या म्हाताऱ्याच्या समोरून गेली.

"न्हाई... बसायची मी," तानुबाई श्वासाच्या मधूनमधून म्हणाली. "पाठीवर... न्हाई."

दीपाली गर्रकन वळली. गेले दोन महिने आई अधूनमधून हेच बडबडत होती, मला कुणाच्या पाठीवर बसायचं न्हाई. दीपालीला वाटायचं, लेकीवर भार नको म्हणून म्हणते.

"आये! तुला म्हाईत व्हतं?"

तानुबाईनं नजर फिरवली. "राखणदारानं... सोतासाठी वाट... मागायची न्हाई."

असा संताप आला दीपालीला, असा संताप आला, की आई धापा टाकत नसती तर तिनं तिला गदगदा हलवली असती. "तू नको मागूस! मी मागतेय! तुझी वाट मरू नये म्हणून तू मरायला निघालीस, आन् मी कुणाला आई म्हणू? वाटंला? गप बस आन् गळ्यात हात टाक!"

गंगूबाईनं आणखी वाद होऊ दिला नाही. तिनं आपलं जुनं लुगडं आणलं, तानुबाईला दीपालीच्या पाठीवर घातलं आणि दोघींना मिळून करकचून बांधलं. तानुबाई हलकी असेल असं दीपालीला वाटलं होतं. नव्हती. अंगात पाणी साठलेलं. दीपाली कमरेत वाकली आणि निघाली. वीस पावलं. सभा उठून उभी राहिली.

"थांब!" तात्या नोंदवही आणि पेन घेऊन आडवे आले. ती हाताची सवय होती, दुसरं काही नाही. "कोणत्या कलमाखाली? दीपाली, कलम तरी सांग!"

ती थांबली नाही. थांबली असती तर परत निघता आलं नसतं. काचेचं दार उघडंच होतं. तिनं पळता पळता अंगठा त्या खळग्यात मारला, आणि चुलीवरच्या तव्याला हात लागावा तसं भाजलं. समोरचा कातळ आतून कडी काढलेल्या दारासारखा ढिला झाला. आतून ओल्या मातीचा वास आला. ती आत शिरली.

मागून सावळ्याआबांचा आवाज आला, साठ वर्षांत पहिल्यांदा सभेत चढलेला. "आरं बघत काय बसलाय! अंगठा उचलला की वाट मिटती! कुनीतरी बसा तितं अंगठा ठिऊन! ती माघारी येईपत्तुर बसाया लागतं!"

दीपालीला ते आत ऐकू आलं. पाच-सात पावलं झाली असतील. मागचा उजेड बारीक व्हायला लागला. भिंती जवळ आल्या, खांद्याला घासायला लागल्या. आईचा श्वास तिच्या मानेवर लागत होता, तुटक तुटक. कोण बसणार होतं? नलिनीकाकू? त्या पद्धत विचारतील. तिनं पळायचा प्रयत्न केला, पाठीवरच्या ओझ्यानं ते काही जमेना. अंधार पुढूनही दाटायला लागला आणि ती मोठ्यानं ओरडली, "कुणीतरी बसा की रे!"

आणि भिंती थांबल्या. हळूच मागं सरल्या. पुढं नेऱ्याच्या बाजूचा उजेड दिसायला लागला, आणि तो तसाच राहिला.

चालता चालता तिला एकदम बाप आठवला. ती पाच-सहा वर्षांची असेल. बाप दुपारभर पत्र्यापाशी बसलेला, उजवा हात कातळाला, आणि डाव्या हातानं भाकरी खातोय. तिला वाटलं होतं, काहीतरी नवस असेल. तो उठला की दुसरा कुणी बसायचा. नवस कसला, कुणीतरी आजारी माणूस वाटेनं गेलेलं असायचं, आणि वाडी पाळीपाळीनं वाट धरून बसलेली असायची. नववं कलम नुसतं पळणाऱ्यांनी झिजवलं नव्हतं. मागं बसणाऱ्यांनी जास्त झिजवलं होतं.

शीवधोंड्यापाशी ती बाहेर पडली तेव्हा सुधीर 'प्लॉट विकणे आहे' अशा पाटीखाली गाडीला टेकून उभा होता. लुगड्यानं बांधलेल्या मायलेकी बघून त्याच्या हातातली चावी खाली पडली. मग त्यानं एक शब्द न विचारता गाठ सोडली, सासूला उचलून मागच्या सीटवर ठेवलं आणि गाडी अशी काढली की हिंजवडीचे रिक्षावालेसुद्धा बाजूला झाले.

अकराला दहा मिनिटं कमी असताना तानुबाईला मशीनला लावलं. डॉक्टर दीपालीवर ओरडले, इतका उशीर का केलात म्हणून. तिनं ऐकून घेतलं. तासाभरानं तानुबाईच्या ओठांवर रंग आला. तिनं एक डोळा उघडला, लेकीकडे बघितलं आणि म्हणाली, "अंधाराच्या आत घरी न्हे." मरणाच्या दारातून परत आली आणि पहिलं वाक्य हे! दीपालीला हसू आलं आणि त्याच दमात रडू आलं.

बाहेरच्या बाकड्यावर बसल्यावर तिनं अंगठा बघितला. टरारून फोड आला होता, आणि त्याच्या कडेनं तांब्याची लालसर भुकटी चिकटली होती. म्हणजे आज तिनंही थोडं झिजवलं. तिनं अंगठा पदराला पुसायला नेला, आणि तसाच मुठीत धरून ठेवला.

फोन वाजला. विश्रामतात्या. तिचं डोकं परत तापलं.

"तानू कशी हाय?" तात्यांनी विचारलं.

"बरी आहे. मशीनला लावलीय. अजून तीन तास लागतील." तिनं दम घेतला. "तात्या, कलम विचारायला फोन केला असेल तर लिहून घ्या. कलम नऊ. वाचायला वेळ नव्हता, म्हणून न वाचता वापरलं. दंड काय असेल तो लावा. दोन प्रतींत कळवा."

"आता न्हाई लिवता यायचं," तात्या म्हणाले. तेव्हा कुठं तिच्या लक्षात आलं, की तात्या मघापासून वाडीचं बोलतायत. चौतीस वर्षांच्या कचेरीनंतर ती बोली त्यांच्या तोंडून तिनं पहिल्यांदा ऐकली.

"का? वही हरवली का?"

"वही हाय. उजवा हात गुतलाय. मी तुझ्या मागं धावलो तवा भिंत मिटाया लागली व्हती, आन् तू आतनं वरडलीस. मंग इचार न्हाई केला. आता दीड तास झाला. भाजतंय लई."

दीपालीनं मूठ उघडून स्वतःच्या अंगठ्यावरचा फोड बघितला.

मागून गंगूबाईचा आवाज आला, चांगला दणदणीत. "तात्या, भाकरी डाव्या हातानं खायाची आसती. लाजताय काय? तुमच्या बानं खाल्ली, तुमाला काय झालं?"

"दीपाली," तात्या म्हणाले, "सावकाश या. मी बसलोय हितं."